वाचक विचारतात : हलगी, धोटे आणि फणी घेऊन पिक्चरला म्युझिक देता येतं का?

या वेळी सोलापूर आणि आसपासच्या गावांतून आलेले बरेच प्रश्न पिक्चर-सिरियलच्या बॅकग्राउंड म्युझिकबद्दल होते, त्यातले पाच घेतलेत. पहिल्याला जास्त जागा दिलीय कारण बाकीच्यांचं अर्धं उत्तर त्यातच आहे.

प्रश्न : नमस्कार ताई, आम्ही पूर्व भागातले पाच जण आहोत. एकजण हलगी वाजवतो, एक संबळ, एक भजनी मंडळातला पेटीवाला आहे, आणि मी न माझा चुलतभाऊ बंद पडलेल्या कारखान्यातून आणलेल्या मागाच्या सामानावर वाजवतो म्हणजे धोटे (आडवा धागा नेणारं शटल), लोखंडी फणी (उभे धागे वेगळे ठेवणारी), रिकाम्या कांड्या (सूत गुंडाळायच्या), एक मोठं दातेरी चाक असं. गणपतीत वाजवलं, कॉलेजच्या गॅदरिंगला वाजवलं, लोकांना लई आवडलं. आता ओळखीच्या एका पोरानं विडी कामगार बाईवर शॉर्ट फिल्म केलीय, पहिली चार मिनिटं डायलॉगच नाही, ती नुसती पानं कापते आणि विड्या वळते. तो म्हणतो बीजीएम म्हणजे बॅकग्राउंड म्युझिक तुम्हीच द्या. पण त्याचा एडिटर म्हणतो हे गावठी वाजवणारे आहेत, कीबोर्डवाल्याकडून व्हायोलिन टाकून घे. आमच्यात कुणालाच नोटेशन येत नाही. करावं का नको? — अशोक चौक, सोलापूर

उत्तर : करा, नक्की करा. आणि एडिटरशी भांडू नका, गावठी म्हणाला ते चुकलंच त्याचं पण त्याच्या मनातली भीती अगदीच खोटी नाहीये. स्टेजवर वाजवणाऱ्याला सवय असते की पब्लिकनं आपल्याकडे बघावं, आणि पिक्चरमध्ये पब्लिकनं त्या बाईकडे बघायचं असतं. हा एक फरक तुम्हाला जमला तर तुमच्या पाच जणांकडे जे आहे ते कुठल्याच कीबोर्डच्या व्हायोलिनमध्ये नाही, कारण ते व्हायोलिन हजार फिल्ममध्ये तेच वाजतंय आणि सोलापूरच्या मागाची फणी फक्त तुमच्या घरात आहे.

सुरुवात वाद्यापासून करू नका. आधी विचारा की एडिट लॉक झालंय का, म्हणजे आता एकही शॉट मागंपुढं होणार नाही ना, कारण तुम्ही चार मिनिटं बसवून आणायची आणि तिकडं त्यानं तीन सेकंद काढून टाकायचे असं झालं की सगळं घसरतं. लॉक झालेली कॉपी घ्या, कोपऱ्यात टाइमकोड म्हणजे पळत्या वेळेचा आकडा दिसणारी, आणि पाचही जण एकत्र बसून वाद्य हातात न घेता बघा. मग डायरेक्टरला शेजारी बसवून ठरवा की संगीत कुठून कुठपर्यंत आणि मुख्य म्हणजे कुठं अजिबात नाही. बाहेर याला स्पॉटिंग म्हणतात, हे न करता थेट वाजवायला बसणारे बहुतेक जण अख्ख्या फिल्मला सुरुवातीपासून शेवटपर्यंत पुताई केल्यासारखं संगीत फासतात. डायरेक्टरनं रेफरन्स म्हणून एखाद्या इंग्लिश पिक्चरचं म्युझिक खाली टाकून ठेवलं असेल तर ते एकदा ऐका आणि काढायला सांगा, ते कानात बसलं की डायरेक्टरला दुसरं काहीच आवडेनासं होतं.

आता त्या पहिल्या चार मिनिटांबद्दल. तिथं आवाज आधीच आहे बघा. तेंदूच्या पानावर साचा ठेवून कात्री फिरते तो कर्रर्र असा आवाज, सुपात पानं सरकल्याचा, आणि मग दोरा गुंडाळताना जवळपास काहीच नाही. तिची मजुरी हजार विड्यांवर ठरते म्हणून तिचा हात थांबत नाही, तो हात हाच तुमचा ताल, दुसरा शोधू नका. मोबाईलवर मेट्रोनोम म्हणजे ठरलेल्या वेगानं ठोके देणारं अॅप लावा आणि ती मिनिटाला किती वेळा कातरते ते मोजा. माझं ऐकाल तर पहिली दीड-दोन मिनिटं काहीच वाजवू नका, फक्त कात्री ऐकू दे. मग फणी घ्या. मांडीवर आडवी धरून जुन्या एटीएम कार्डाची कड एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत अगदी हळू ओढली की पोलादाच्या त्या शेकडो बारीक पात्या एकामागून एक वाजतात. फणीखाली स्पंज ठेवला तर आवाज कोरडा येतो, अगदी कात्रीच्या नात्यातला, आणि तीच फणी दोरीनं टांगली तर मागं एक गुंजन राहतं. कोरड्या आवाजानं सुरुवात करा, कात्रीच्या आवाजात तो असा मिसळू द्या की बघणाऱ्याला कळूच नये संगीत कधी सुरू झालं, आणि जिथं कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर जातो तिथं टांगलेल्या फणीवर या. एवढ्यात एडिटर गप्प बसेल असं मला मनापासून वाटतं.

हलगी मात्र जपून. हलगीचा तो कडक टणत्कार बोलण्यातल्या त, ट, क, च या अक्षरांवरच येऊन बसतो, त्यामुळे डायलॉगखाली हलगी ठेवली की शब्द खाल्ले जातात आणि मिक्सिंगवाला पहिल्यांदा तुमचाच आवाज खाली ओढतो. डायलॉगखाली संबळाचं खर्जाचं अंग चालेल, वाकड्या काठीनं घासून येणारा घुमारा, तो बोलण्याच्या खालून जातो. पेटीवाल्याला सांगा की भजनातल्यासारखं भरगच्च वाजवायचं नाही, एकच सूर धरा, आणि एकदा सूर न दाबता नुसता भाता हलवून रेकॉर्ड करा. लाकडाचा आणि हवेचा तो श्वासासारखा आवाज अशा फिल्मला सोन्यासारखा आहे. हलगी कुठं, तर जिथं कोणी बोलत नाही आणि जिथं खरंच काहीतरी फुटायला हवं तिथं, बहुतेक एकदाच.

नोटेशन येत नाही म्हणून अडत नाही पण गणित थोडं शिकून घ्या. सिनेमा सेकंदाला 24 फ्रेमनं चालतो. मिनिटाला 120 ठोके असतील तर एका ठोक्याला बरोबर 12 फ्रेम, 96 असतील तर 15, 80 असतील तर 18. टीव्हीसाठी 25 फ्रेमवर एडिट असेल तर 100 ला 15 येतात. असे पूर्ण आकडे येणारे ठेके घेतले की कट कुठं पडतो आणि सम कुठं पडते ते पाच जणांना बोटावर मोजता येतं. दाराची कडी वाजते त्या फ्रेमवर थाप हवी असेल तर उलटं मोजत या. पण सगळ्या कटांवर थाप देऊ नका, कार्टून होतं.

आणि ते दातेरी चाक कुठल्या सुरात वाजतं ते पेटीवर शोधा. पेटीच्या दोन पट्ट्यांच्या मधेच कुठंतरी लागेल, हरकत नाही, पण मग त्या सीनमध्ये दोघं एकत्र वाजवायची का आलटूनपालटून हे ठरवून घ्या.

प्रश्न : मॅडम, अशा वेगळ्याच प्रकारच्या ग्रुपनं पिक्चरचं म्युझिक केल्याची खरी उदाहरणं आहेत का? घरी दाखवायला पाहिजेत, वडील म्हणतात संगीतकार म्हणजे एक माणूस असतो आणि त्याच्या हाताखाली ऑर्केस्ट्रा. — कॉलेज विद्यार्थी, जुळे सोलापूर

उत्तर : भरपूर आहेत आणि मला सगळ्यात जवळचं वाटणारं उदाहरण जपानचं आहे. गेइनो यामाशिरोगुमी नावाचा समूह 1974 साली सुरू झाला, त्याचा प्रमुख त्सुतोमु ओहाशी हा स्वतः शास्त्रज्ञ, संगीतासाठी शोजी यामाशिरो असं नाव घेतो, आणि समूहात शेकडो माणसं म्हणजे डॉक्टर, इंजिनियर, पत्रकार, विद्यार्थी, पोटापाण्याला दुसरा धंदा करणारी. त्यांनी 1988 च्या अकिरा या अॅनिमेशन पिक्चरचं संगीत केलं. भविष्यातल्या टोकियोची गोष्ट, मोटारसायकली, स्फोट, आणि त्याला संगीत काय तर बाली बेटावरचा जेगोग म्हणजे जाडजूड बांबूच्या नळ्यांचं वाद्य, जपानी नो नाटकातल्यासारखं पठण आणि माणसांचे श्वास. अशा कामात त्यांना एक अडचण होती, बालीच्या वाद्यांचे सूर त्या वेळच्या सिंथेसायझरच्या सुरांत बसत नव्हते. तर यांनी वाद्यं बदलली नाहीत, स्वतः प्रोग्रॅमिंग शिकून सिंथेसायझरच त्या सुरांना जुळवून घेतले. अशोक चौकातल्या मित्रांनी त्यांच्या दातेरी चाकासाठी हे लक्षात ठेवावं.

बाकीचे भरभर सांगते. जर्मनीच्या पोपोल वूह या ग्रुपनं 1972 मध्ये वेर्नर हेरझोगच्या आगीरे पिक्चरला संगीत दिलं, त्यात टेपवरचे माणसांचे आवाज कळपट्टीनं वाजवणारं एक वाद्य आहे आणि ते ऐकताना गाणारी माणसं आहेत का यंत्र आहे तेच कळत नाही. इटलीच्या गॉब्लिन या रॉक बँडनं 1977 च्या सुस्पिरियाला असं संगीत केलं की ते शूटिंग चालू असताना सेटवर मोठ्यानं लावायचे. अमेरिकेत अलॉय ऑर्केस्ट्रा म्हणून तिघंच होते, भंगारातले पत्रे, पाइप, झांजा टांगलेली एक चौकट आणि एक कीबोर्ड, आणि ते जुन्या मूकपटांना थिएटरात समोर बसून वाजवायचे. टीव्हीचं उदाहरण हवं असेल तर बीबीसीचा रेडिओफोनिक वर्कशॉप, 1958 ला सुरू झाला, तिथं डेलिया डर्बीशायर या बाईनं रॉन ग्रेनरची डॉक्टर हू ची धून 1963 मध्ये बनवली ती एकेक सूर टेपवर रेकॉर्ड करून, टेपचे तुकडे कापून चिकटवून. दिव्याची एक धातूची शेड वाजवून तिच्या आवाजातून संगीत करणारी बाई ती.

आपल्याकडं इंडियन ओशन हा दिल्लीचा बँड, 1990 पासूनचा, लोकसंगीत आणि गिटार आणि तबला असं सगळं एकत्र वाजवत आला आणि ब्लॅक फ्रायडेचं संगीत त्यांनी केलं, नंतर 2015 च्या मसानचंही. त्यांच्यात एक हुकूम देणारा आणि बाकीचे वाजवणारे असं नाहीये, बसून एकत्र रचतात.

आणि वडिलांना कुंकू आठवतोय का विचारा. प्रभातचा, 1937 चा, व्ही. शांतारामांचा. त्यात गाणी केशवराव भोळ्यांची आहेत पण पार्श्वसंगीतासाठी वाद्यवृंद न लावता सीनमधलेच आवाज वापरलेत. नव्वद वर्षं होत आली आणि अजून ते ताजं वाटतं. आर. डी. बर्मननी कंगवा घासला, पेल्यावर चमचा वाजवला, बाटल्यांत फुंकर मारली हे तर वडिलांना माहीतच असणार.

प्रश्न : आमचा तिघांचा ग्रुप आहे, सुंदरी (सनईसारखं छोटं वाद्य), डफ आणि बांबूची घरी केलेली वाद्यं. मराठी सिरियलला म्युझिक द्यायचंय, कुणाला भेटावं? — बार्शी

उत्तर : सिरियलचं काम पिक्चरपेक्षा वेगळं चालतं हे आधी समजून घ्या. रोज एपिसोड जातो म्हणून रोज बसून कोणी संगीत करत नाही. सुरुवातीलाच टायटल ट्रॅक आणि सोबत पन्नास-साठ छोटे तुकडे करून घेतात, सासूचा, भीतीचा, प्रेमाचा, गावाचा असे, आणि मग एडिटिंगला बसलेला माणूस ते जागोजागी लावत जातो. त्यामुळे तुम्हाला भेटायचंय ते प्रोड्युसरला नाही तर त्या तुकड्यांचं काम करणाऱ्या संगीतकाराला किंवा बॅकग्राउंड लावणाऱ्याला. त्याच्यासाठी स्वतःच वीस-पंचवीस तुकडे करा, अर्ध्या मिनिटापासून दीड मिनिटापर्यंतचे, प्रत्येकाचा शेवट नीट संपणारा, आणि प्रत्येक तुकडा तीन प्रकारे द्या म्हणजे पूर्ण, ताल काढून, आणि नुसती सुंदरी. फाइलच्या नावात भाव लिहा, शास्त्रीय रागाचं नाव लिहू नका, त्याला रात्री अकरा वाजता ‘तणाव हळू’ शोधायचं असतं. सोलापुरात सुंदरी वाजवणारी घराण्याची परंपरा आहे आणि राज्यात बाकी कुठं हे वाद्य फारसं ऐकू येत नाही, तर ते पुढं ठेवा, डफ मागं.

प्रश्न : हलगी पिढ्यानपिढ्या आमच्या समाजानं वाजवली, अंत्ययात्रेला, जत्रेला, कुस्तीच्या फडाला. लोकांनी त्यावरून हिणवलं. आता पिक्चरवाल्यांना हलगी पाहिजे, एका शूटिंगला माझ्या पुतण्याला बोलावून दिवसभर रेकॉर्ड केलं, हातात थोडे पैसे ठेवले, पिक्चरमध्ये नाव नाही. ह्यात न्याय कुठाय? — पंढरपूर रोडवरच्या एका गावातून

उत्तर : काका, तुम्ही विचारलंय ते या सगळ्या प्रश्नांतलं सगळ्यात महत्त्वाचं आहे आणि मला वाटतं हलगी ‘वेगळा साउंड’ म्हणून वापरणाऱ्या प्रत्येकानं आधी याचं उत्तर द्यावं. ज्या हातांनी तो आवाज शंभर अपमान सोसून टिकवला त्यांचं नाव पडद्यावर येत नसेल तर ते लोककलेचं कौतुक नाही, ती फुकट घेतलेली वस्तू आहे. करमाळा तालुक्यातल्या नागराज मंजुळेंनी फँड्रीमध्ये हलगी पोराच्या गळ्यात दिली तेव्हा तिच्यामागचं हे सगळं त्या सीनमध्ये होतं, नुसता ठेका नव्हता. त्या पिक्चरचं पार्श्वसंगीत अलोकनंदा दासगुप्ता यांचं आहे.

आता कायद्यानं काय करता येतं ते सांगते. कॉपीराइट कायदा 1957 चा, त्यात संगीतकाराची व्याख्याच अशी आहे की जो संगीत रचतो तो, मग त्यानं ते नोटेशनमध्ये लिहिलं असो वा नसो. म्हणजे पुतण्यानं त्या सीनसाठी स्वतःच्या डोक्यानं नवीन बोल बसवले असतील तर तो रचनाकार आहे, नुसता वाजवणारा नाही. आणि दुसऱ्यानं सांगितलेलं वाजवलं असेल तरी वाजवणाऱ्याचे म्हणून वेगळे हक्क कायद्यात आहेत, त्यात नाव लागण्याचा हक्कही येतो. 2012 च्या दुरुस्तीनंतर तर पिक्चरसाठी केलेल्या संगीताचा रचनाकार थिएटर सोडून बाकी वापराच्या, म्हणजे टीव्ही, मोबाईल वगैरेच्या रॉयल्टीतला समान वाटा सोडूनच देऊ शकत नाही, करारात तसं लिहून घेतलं तरी ते टिकत नाही. रचनाकारांची रॉयल्टी गोळा करणारी संस्था आयपीआरएस आहे, तिचं सभासद होता येतं, तिथं चौकशी करा.

पण पुढच्या वेळेला वाजवायच्या आधी एक कागद झालाच पाहिजे, मराठीत, एका पानाचा. काय वाजवलं, कोणत्या पिक्चरसाठी, पैसे किती आणि कधी, नाव पडद्यावर कसं येणार, आणि ते रेकॉर्डिंग दुसऱ्या कामाला वापरायचं तर पुन्हा विचारायचं. शेवटचं वाक्य विसरू नका, एकदा दिवसभर रेकॉर्ड केलेली हलगी सॅम्पल म्हणजे कुठंही वापरायचा तयार आवाज म्हणून वर्षानुवर्षं विकली जाऊ शकते. अशोक चौकातल्या पाच जणांनीही आपसात असाच कागद करावा, रचना पाचांची एकत्र आहे असं लिहून, आत्ता दोस्ती आहे तोपर्यंतच.

प्रश्न : रेकॉर्डिंग घरीच करायचंय पण आजूबाजूला माग चालू असतात आणि स्टुडिओ परवडत नाही. काय करू? — एमआयडीसी, अक्कलकोट रोड

उत्तर : माग बंद असतात तो वार आणि ती वेळ शोधा, लाइट जाते ती वेळसुद्धा कामाची आहे, तेव्हा सगळा भाग शांत असतो आणि रेकॉर्डर बॅटरीवर चालतो. पंखा, फ्रिज बंद. खोलीत गाद्या उभ्या करा, भिंतीपासून थोडं अंतर ठेवून दोरीवर जाड चादरी दुमडून टाका, आपल्या गावात त्या तरी कमी नाहीत. 48 किलोहर्ट्झ आणि 24 बिटवर रेकॉर्ड करा, पिक्चरवाले तेच मागतात, आणि लेव्हल खालीच ठेवा कारण हलगीची पहिली थाप अंदाजापेक्षा नेहमी मोठी येते आणि फाटलेला आवाज नंतर शिवता येत नाही. पावसाळ्यात कातडं सैल पडतं, शेकून घ्या, पण दोन टेकच्या मधे ते परत उतरतं म्हणून प्रत्येक टेकच्या आधी शेका नाहीतर एकच सीन दोन वेगळ्या हलग्यांचा वाटतो. प्रत्येक वाद्य वेगळ्या ट्रॅकवर द्या, त्यावर इको-बिको काही टाकू नका, ते मिक्सिंगवाला टाकेल. आणि माग चालू असतानाचा आवाजही अर्धा तास रेकॉर्ड करून ठेवा, लांबून एकदा, दारातून एकदा, अगदी धोट्याजवळून एकदा.

सरावाला पिक्चर पाहिजे असेल तर दादासाहेब फाळक्यांचा कालिया मर्दन घ्या, 1919 चा, बऱ्यापैकी शिल्लक आहे आणि इतका जुना असल्यानं हक्काची अडचण नाही. त्या काळी थिएटरात पेटी-तबलावाले पडद्याकडे बघतच वाजवायचे. तुम्हीही तसंच करा, आवाज बंद करून भिंतीवर लावा आणि सलग वाजवा, मधे थांबायचं नाही. वाजवलेलं मोबाईलवर रेकॉर्ड करा, दुसऱ्या दिवशी पिक्चर न बघता नुसतं ऐका आणि नंतर पिक्चर लावून ऐका. कुठं जास्त वाजवलंय ते लगेच कळेल, ते काढून परत करा.